मध्यंतरानंतरची गाणी

६ फेब्रुवारी, सोमवार

आज सलूनमध्ये तिचं गाणं पुन्हा लागलं आणि मी पुन्हा ड्रायर सुरू केला. पॅट म्हणाली, "मॅक्सीन, मिसेस थॉर्पचे केस मघाशीच वाळलेत. आता काय भाजून काढतेस त्यांना?" मिसेस थॉर्प म्हणाल्या, "राहू दे गं, ऊब बरी वाटते." गाणं संपल्यावर मी ड्रायर बंद केला, तर पॅट रेडिओपाशी उभी राहून टॉवेलला डोळे पुसत होती. "ते शेवटचं कडवं ऐकलं ना, की मला तूच दिसतेस बघ," म्हणाली. माझी कीव करते मेली. तिच्या सलूनमध्ये नोकरी करते म्हणून गप्प बसले.

दिवसभर जो तो विचारतो, अभिमान वाटत असेल ना? मी हो म्हणते. हसून हसून गाल दुखतात.

माझी ब्रायनी. बावीस वर्षांची आहे, आणि सगळा देश तिचं 'हिरवी डुलं' गातोय. डुलं माझी आहेत. पार्किंग आमच्या हॉक्सबीच्या क्लबचं आहे. त्यातली बाई मी आहे. पोरीने आईच्या आयुष्यातली सगळ्यात वाईट रात्र उचलली आणि तिचं सोनं केलं. मला विचारलंदेखील नाही.

एकदा लिहूनच टाकते, म्हणजे डोक्यातून जाईल. मी बार्न्सलीच्या आजूबाजूच्या सगळ्या कामगार क्लबांतून गायचे, शनिवार-रविवार, मॅक्सीन डेल या नावाने. आमच्याकडे गाणाऱ्याचे दोन भाग असतात, मध्ये बिंगो, म्हणजे आकड्यांच्या तिकिटांचा खेळ. शेवटी पैशांचं पाकीट मिळतं. मध्यंतरातच पाकीट हातात पडलं तर समजायचं, लोकांना तू आवडली नाहीस, गाशा गुंडाळ. तेरा वर्षांपूर्वी आमच्याच क्लबात, आमच्याच माणसांसमोर, क्लबच्या सेक्रेटरीने, रॉय ड्रान्सफील्डने, माझ्या हातात मध्यंतरात पाकीट ठेवलं. ब्रायनी नऊ वर्षांची होती, पहिल्या टेबलावर चिप्स खात बसली होती. मी पार्किंगमध्ये येऊन गाडीत बसले आणि डुलं काढली. पुढे गाडीत काय केलं ते माझं मला ठाऊक. पोर मागे झोपली होती, तेवढं नशीब. मी तर घराचं वळणसुद्धा चुकले त्या रात्री. त्यानंतर स्टेजवर पाऊल ठेवलं नाही.

पाकीट, पार्किंग, डुलं, सगळं आहे म्हणे गाण्यात. म्हणे कशाला, दोन कडवी मी ऐकलीत. पहिल्यांदा लागलं तेव्हा दुसऱ्या कडव्यानंतर उठून भांडी घासायला गेले आणि नळ सोडला.

११ फेब्रुवारी, शनिवार

ब्रायनीचा फोन. हल्ली रोज करते, कार्यक्रमाच्या आधी. कधी बोलते, कधी नुसतीच श्वास घेत बसते. मागून वाद्यं लावल्याचे आवाज येतात. ते मला ऐकू यावेत म्हणूनच करत असणार.

आज म्हणाली, "आई, लोक बोलायला लागले की तू काय करायचीस?"

"तुझ्यापुढे कोण बोलतंय? तिकीट काढून येतात ती."

"सांग ना."

"एक चेहरा धरायचा. जो सगळ्यात जास्त बडबडतोय त्याचा. त्यालाच गाऊन दाखवायचं."

मग म्हणाली, "शेफिल्डला येशील? एप्रिलमध्ये. म्हणजे बघायला नाही. माझ्याबरोबर गायला. 'हिरवी डुलं'चं शेवटचं कडवं. मला ते एकटीला जमतच नाही. तिथे आले की गळा दाटतो. गेल्या तीन गावांत मी ते कडवं प्रेक्षकांवरच सोडून दिलं. आणि तसंही ते तुझंच आहे."

माझंच आहे म्हणे. मला का कळत नाही शेवटच्या कडव्यात काय असणार? बाई स्टिअरिंगवर डोकं ठेवून रडते आणि पोरगी बघते. आणि ते मी बारा हजार माणसांसमोर उभं राहून गायचं! हीच ती बघा, हिलाच हाकललं होतं. जत्रेत दोन डोक्यांचं वासरू दाखवतात तसं.

"नाही जमणार," म्हटलं.

"तू गाणं पूर्ण ऐकलंयस ना पण?"

"रेडिओवर दिवसभर तेच तर असतं."

हे काही खोटं नाही.

१९ फेब्रुवारी, रविवार

क्लाइव्हने, आमच्या नवरोबाने, मासिक आणून टेबलावर ठेवलं. मुखपृष्ठावर ब्रायनी. त्याच्या बसमधल्या प्रवाशांना दाखवतो म्हणे, सिग्नल लाल असला की.

मी म्हटलं, "केस किती वाईट कापलेत."

"ती बारा वर्षांची असताना तू कापायचीस तिचे, तेव्हाही असेच दिसायचे," क्लाइव्ह म्हणाला.

"बाजू कुणाची घेतोस तू?"

"मी बस चालवतो मॅक्स. दोन्ही बाजूंना बघूनच."

मग एकटीने मासिक वाचलं. आवाजात म्हणे एक कुजबुज आहे. कुजबुजच आहे, दुसरं काय. माइकला ओठ लावून गाते. माझा आवाज, माइक बंद पडला तरी मागच्या बारपर्यंत जायचा. ती जे खालचे सूर घेते ना, ते मी तिला शिकवले, याच स्वयंपाकघरात, बटाटे सोलता सोलता. मासिकात लिहिलंय, ती स्वतःच शिकली.

वाचून संपल्यावर मी तिच्या फोटोवर चहाचा कप ठेवला. मुद्दाम ठेवला. मग पुसला, पण गोल डाग राहिलाच. क्लाइव्हला दिसला असेल.

३ मार्च, शुक्रवार

भांडण झालं. पुन्हा शेफिल्डचा विषय निघाला आणि माझं डोकं फिरलं.

"तू काय ते दिव्यांच्या उजेडात गातेस," मी म्हटलं, "तिथे सगळे आधीच तुझ्या प्रेमात पडून येतात. त्याला गाणं नाही म्हणत. बिंगोची वाट बघणाऱ्या माणसांसमोर गाऊन दाखव. मग बोलू."



"क्लबात?"

"क्लबात. रविवारी दुपारी. रॉयसमोर. ना तुझी वाद्यं, ना तुझे दिवे."

"आणि मी निभावलं तर शेफिल्डला येशील?"

"बघू."

"बघू नाही. हो की नाही?"

"बरं, हो."

"एकोणीस तारीख," म्हणाली. "मला सुट्टी आहे." तिने इतक्या चटकन तारीख सांगितली की माझीच पंचाईत झाली. ती कधीपासून क्लबात यायला बघत होती की काय, कुणास ठाऊक. मला वाटलं होतं घाबरेल.

५ मार्च, रविवार

रॉयला भेटले. वय एकोणऐंशी, तरी कार्यक्रमांचा सेक्रेटरी तोच आणि बिंगोचे आकडे पुकारणाराही तोच. त्या रात्रीनंतर मी त्याच्याशी दोन वर्षं बोलले नव्हते. मग त्याची बायको माझ्याकडे केस करायला यायला लागली आणि बोलणं आलंच.

"ब्रायनी गायचं म्हणतेय एकोणिसला," मी म्हटलं.

"तुझी ब्रायनी? अजून गाते का ती?"

"रॉय, ती रेडिओवर असते."

"मी क्रिकेट लावतो, पोरी." खिशातून पेन काढलं. "लोकांच्या ओळखीची गाणी गाते ना? त्या दिवशी मातृदिन आहे, हॉल भरणार. दोन भाग, दीड वाजता बिंगो. उशीर चालणार नाही."

मी सांगितलं, बाहेर कुठे बोलू नका, नाहीतर गर्दी होईल. रॉय म्हणाला, सभासद नसलेल्याला दारातूनच परत पाठवू, मग तो कुणीही असो. फलकावर लिहिलं, 'बी. हेग, गायिका'. खाली त्याच अक्षरात, 'गरम मांसाचे पाव मिळतील'.

१६ मार्च, गुरुवार

कपाटातून डुलं काढून पाहिली. काच अजून चकचकते. झोप नीट लागत नाही. ती चांगली गायली तर काय, आणि वाईट गायली तर काय, दोन्हींची भीती वाटते. खरं सांगायचं तर पहिल्याची जास्त.

१९ मार्च, रविवार, मातृदिन

आजच्या आज लिहायला हवं.

मी डुलं घालून गेले. का घातली, विचारू नये. दारात रॉयने, आमच्याकडे मार्चमधल्या मातृदिनाला देतात तसं, प्रत्येक बाईला एकेक डॅफोडिलचं फूल दिलं. हॉल गच्च. ब्रायनी साधा स्वेटर घालून, गिटार घेऊन एकटीच बाजूला उभी होती. ओठ पांढरे पडले होते. मला म्हणाली, "आई, पाणी कुठे ठेवू?" मी म्हटलं, "ऑर्गनवर ठेव, लेस काही बोलत नाही." लेस आमचा ऑर्गनवाला, वीस वर्षं तिथेच बसलाय.

रॉय माइकवर गेला. "मंडळी, आपल्या मॅक्सीन आणि क्लाइव्हची पोरगी. टाळ्या वाजवा. आणि पाव संपत आलेत, हवे असतील त्यांनी आत्ताच घ्या."

निम्मा हॉल उठून पावांच्या रांगेत गेला.

पहिलं गाणं लोकांनी ऐकलं, आपली पोर म्हणून. दुसऱ्याला कुजबुज सुरू झाली. तिसऱ्याला मागच्या टेबलावर कुणाच्या तरी गुडघ्याच्या ऑपरेशनची गोष्ट निघाली, ती सगळ्या हॉलला ऐकू येत होती. ब्रायनी दोन गाण्यांच्या मध्ये म्हणाली, "हे मी लिहिलं तेव्हा मी फार एकटी होते." मागून आवाज आला, "जरा मोठ्याने बोल गं पोरी!" ती डोळे मिटून गात होती. क्लबात डोळे मिटायचे नसतात. लोकांना वाटतं, हिला आपली गरजच नाही. हे मी तिला सांगायला हवं होतं. सांगितलं नाही.

आणि मला बरं वाटत होतं. इथे खोटं लिहून कुणाला फसवू? प्रत्येक खोकल्यासरशी, प्रत्येक खुर्ची सरकल्यासरशी मला आतून बरं वाटत होतं. क्लाइव्ह शेजारी हात आवळून बसला होता आणि मी पावावर सॉस घालत होते.

शेवटी तिने 'हिरवी डुलं' सुरू केलं. ड्रायर नाही, नळ नाही, बसून ऐकावं लागलं. पहिलं कडवं, पाकीट. दुसरं कडवं, पार्किंग, डुलं. चार डोकी माझ्याकडे वळली. मी फुलाच्या देठाशी चाळा करत राहिले. दुसरं कडवं संपलं, तिने श्वास घेतला, आणि रॉयने घड्याळाकडे बघून माइकवर टकटक केलं.

"दीड वाजला मंडळी. तिकिटं काढा, पेनं काढा. पहिला आकडा."

आणि हॉलमध्ये टाचणी पडली तरी ऐकू येईल अशी शांतता झाली. तिला तासभर मिळाली नव्हती ती. ब्रायनी गिटारवर हात ठेवून तशीच उभी राहिली. मग ऑर्गनवरचं पाणी घेऊन खाली उतरली.

बिंगो संपल्यावर रॉय तिच्याकडे गेला. त्याच्या हातात पाकीट होतं. मला लांबूनच कळलं.

"वाईट वाटून घेऊ नकोस पोरी," तो तिला सांगत होता. "आवाज गोड आहे. पण आज मातृदिन. लोकांना बरोबर म्हणता येईल असं काहीतरी लागतं. शिकशील हळूहळू." देशभर जिची तिकिटं मिळत नाहीत त्या पोरीला हे. ब्रायनीने पाकीट घेतलं आणि "थँक यू, मिस्टर ड्रान्सफील्ड" म्हणाली. तेवढं वळण मी लावलंय तिला.

मग रॉय आमच्या टेबलाशी आला. "मॅक्सीन, मध्यंतरानंतरचं तू काढतेस का? हॉल भरलाय, कुणीतरी हवं. लेस म्हणतो, तुझे सूर त्याला अजून पाठ आहेत."

ब्रायनी दाराशी कोट घालत होती. तिने ऐकलं. क्लाइव्ह नुसता "मॅक्स" म्हणाला.

दुसरी कुठलीही आई उठून पोरीकडे गेली असती. मी उठून स्टेजवर गेले.

तेरा वर्षं! लेसने सूर धरला आणि आवाज आला. थोडा गंजलेला, पण आला. गुडघ्याच्या ऑपरेशनची गोष्ट सांगणाऱ्या बाईलाच मी धरलं, तिच्या डोळ्यात बघत गायले. तिसऱ्या ओळीला ती म्हणू लागली, मग तिचं टेबल, मग हॉल. बारवरच्या लोकांनी ग्लास खाली ठेवले. रॉय स्वतः उभा राहून टाळ्यांचा ठेका धरत होता, आणि मला वाटलं, बघ म्हाताऱ्या, बघ आता. इतकं सुख मला लग्नातही झालं नव्हतं.

चौथ्या गाण्यात माझी नजर दाराकडे गेली. ब्रायनी गेली नव्हती. कोटाची बटणं लावलेली, गिटार खांद्याला, माझ्याकडे बघत होती. ते तोंड मी ओळखलं. तिचं गाणं लागलं की सलूनच्या आरशात मला तेच दिसतं.

पुढच्या ओळीला माझा सूर हलला. कुणाच्या लक्षात आलं नाही, लेस सोडून. मी उरलेली गाणी पूर्ण केली. पाकीट शेवटी घेतलं.

क्लाइव्ह जेवणाचं बघायला आधीच चालत घरी गेला होता. गाडीत ब्रायनीने गिटार पुढच्या सीटवर ठेवली आणि स्वतः मागे बसली, लहानपणी बसायची तशी. मी गाडी काढली.

"छान गायलीस," ती म्हणाली.

"माहीत आहे."

"माझा नुसता जळफळाट झाला."

"तेही माहीत आहे."

थोडं अंतर गेल्यावर म्हणाली, "डुलं काढ ना. जड आहेत, कान दुखत असतील."

"नाही दुखत."

"मी पैज हरले."

"हरलीस."

क्लबातून घर गाडीने दहा मिनिटांवर. निम्म्यावर आलो. आरशात बघितलं तर ती खिडकीला डोकं टेकून बसली होती. नाक लाल झालं होतं. एवढी मोठी गायिका, आणि रॉयने घरी पाठवल्यावर नाक लाल करून बसली होती. मला तेरा वर्षांपूर्वी अशीच गाडीत बसलेली दुसरी बाई आठवली.

"ब्रायनी, त्या गाण्यात दुसऱ्या कडव्यानंतर काय आहे?"

ती सरळ झाली. "म्हणजे?"

"मी ऐकलेलं नाही."

"आई, ते सहा महिने रेडिओवर आहे."

"ड्रायर चालू असतो."

ती हसायला लागली. हसता हसता तिचा आवाज कसातरीच झाला, मग थांबली. आणि मग तिने गायला सुरुवात केली. गिटार नाही, काही नाही. खिडकीच्या काचेला तोंड करून, हळू.

कडव्यात मागच्या सीटवरची पोरगी झोपेचं सोंग घेऊन पडलीय. तिला वाटतं, आई आता रडेल. आई डुलं काढून समोर ठेवते, किल्ली फिरवते आणि गाऊ लागते. मध्यंतरानंतरची सगळी गाणी, ज्या क्रमाने क्लबात गायची होती त्याच क्रमाने, समोरच्या काचेला, भर आवाजात. पोरगी श्वाससुद्धा जपून घेते, कारण तिला कळलं तर आई थांबेल. घराचं वळण येतं. एक गाणं अजून शिल्लक आहे, म्हणून आई वळत नाही.

मी वळण चुकले नव्हते. तेरा वर्षं मी स्वतःलाच सांगत आले की चुकले.

आमचं वळण समोर आलं. तिचं कडवं संपलं नव्हतं. एकेक शब्द ओढून काढत होती. शेवटच्या ओळी राहिल्या होत्या. मी वळले नाही. आमचं घर वळणाच्या कोपऱ्यावरच; समोरून जाताना क्लाइव्ह दारात उभा दिसला, हातात चिमटा, अंगावर एप्रन. आमच्याकडे बघत राहिला. मी पुढच्या चौकाला वळसा घातला, पुन्हा घातला, तिचं संपेपर्यंत.

शेवटच्या ओळीत ती पोरगी ठरवते, मोठी झाले की हेच करायचं.

मग दोघींनी नाकं पुसली. रुमाल एकच होता.

"घरासमोरून सरळ पुढे गेलात," क्लाइव्ह म्हणाला. "रस्ता विसरलात? माझी पुडिंगं कशी टम्म फुगली होती, बसली सगळी."

बसलेली ती पिठाची खारी पुडिंगं मांसाच्या ग्रेव्हीत बुडवून खाल्ली. ब्रायनीने तीन खाल्ली. पाकीट कुणाचं जड म्हणून क्लाइव्हने दोन्ही हातांत धरून पाहिली, आणि ती खूप दिवसांनी खळखळून हसली. मी बटाटे वाढता वाढता म्हटलं, "शेफिल्डला ते शेवटचं कडवं एक सूर खाली घ्यावं लागेल."

तिचा काटा हातातच राहिला. "कुणासाठी? तुझ्यासाठी?"

"तुझ्यासाठी," मी म्हटलं. "माझा आवाज चढतो."